सहावी ओळ

बुद्धभूषणला जाऊन आठवडाही झाला नव्हता, तोच त्याच्या श्रद्धांजलीच्या फ्लेक्सची ऑर्डर त्याच्या सख्ख्या बहिणीच्या टेबलावर येऊन पडली. ऑर्डर घेऊन आला होता रामदासशेठ. म्हणजे ज्याची गाडी चालवता चालवता बुद्धभूषण गेला, तोच.

रतन नऊ वर्षं नारायण पेठेत दीनानाथकाकांच्या दुकानात डीटीपी करत होती. आधी लग्नपत्रिका आणि पावतीपुस्तकं असायची. मग फ्लेक्स आले, आणि पुण्यात कुणी मुकाट्यानं जन्माला येईना की मुकाट्यानं मरेना. शे-दीडशे मेलेल्यांचे चेहरे तिनं पडद्यावर घेतले होते. "जरा उजळ करा हो," म्हणत नातेवाईक पाठीमागे उभे राहायचे. रतन मेलेल्याला उजळ करायची, त्याच्या मागचं कुणाच्या तरी लग्नातलं स्टेज पुसून तिथं निळं आभाळ लावायची, खाली झेंडूचा हार, आणि हाराखाली बारक्या अक्षरांत 'शोकाकुल' म्हणून पन्नास-साठ नावं. ही नावं कुणी वाचत नाही. जो तो आपलं नाव तेवढं शोधतो आणि सापडलं की पुढं जातो. नऊ वर्षांत एवढं तिला नक्की कळलं होतं.

"ताई, भूषण म्हंजे माझा धाकटा भाऊच," रामदासशेठ खुर्ची ओढून बसला. पांढरे कडक कपडे, दोन हातांत दोन मोबाइल. "निरोप दणक्यात द्यायचा त्याला. रविवारी तुमचा कार्यक्रम हाय ना विहारात? समोरच्या चौकातच लावू. दहा बाय पंधरा. एका अंगाला भूषण, एका अंगाला मी, हात जोडून. माझा फोटो जरा मोठा घ्या, लांबनं दिसला पाहिजे."

"मेलंय कोण ते लांबून नाही कळलं तरी चालेल ना?" रतन म्हणाली.

काउंटरमागे दीनानाथकाका खाकरले. रामदासला कळलं नाही, किंवा कळून त्यानं सोडून दिलं. 'युवा नेते' ठळक पाहिजे, एवढं त्यानं दोनदा सांगितलं. फेब्रुवारीत महापालिकेची निवडणूक होती आणि त्याला तिकीट हवं होतं. पेनड्राइव्ह टेबलावर ठेवून तो गेला.

"रतनताई," काका म्हणाले, "हे काम मी बाहेर देतो. तुम्ही घरी जा."

"नको. त्याच्या तोंडाला दुसऱ्या कुणी हात लावायचा नाही."

"मग करा. पण माउस आपटू नका, नवीन आहे," काका म्हणाले आणि तिच्याकडे पाठ करून त्यांनी बराच वेळ चष्मा पुसला.

रामदासच्या चाळीस गाड्या होत्या आणि त्या सगळ्या कॉल सेंटरला लावलेल्या. संध्याकाळ झाली की पोरापोरींना घरोघरी जाऊन उचलायचं, हिंजवडीला नेऊन टाकायचं, रात्रभर सुटतील तसं परत घरी सोडायचं. अमेरिकेत ऑफिसं उघडायची आणि इकडे बिबवेवाडीत सुमो सुरू व्हायच्या. बुद्धभूषण चार वर्षं त्यातली एक सुमो चालवत होता. वय अठ्ठावीस, बी.कॉम. झालेला, हसरा आणि नाही म्हणता न येणारा. मागच्या बुधवारी सकाळी सहा वाजून दहा मिनिटांनी बाह्यवळण रस्त्यावर तो एका उभ्या ट्रकवर मागून जाऊन आदळला. गाडीत दुसरं कुणी नव्हतं. तो जागच्या जागी गेला.

तिसऱ्या दिवशी राख गोळा करून माणसं घरी परतली. दारात चपलांचा ढीग पडलेला, आणि त्या सगळ्यांच्या देखत रामदासनं आप्पांच्या खांद्यावर हात ठेवला. "काका, पोरगं सोनं होतं. पण संगत वाईट. थोडी घ्यायचा. मी लई समजावलं त्याला."

आप्पा म्हणजे रतनचे वडील, रंगराव. टेलिफोन खात्यातून निवृत्त झालेले आणि बिबवेवाडीतल्या त्यांच्या वस्तीतल्या विहाराचे बौद्धाचार्य. लग्न असो, नामकरण असो की मेलेल्यासाठीचं पुण्यानुमोदन, लोकांना त्रिशरण-पंचशील आप्पाच द्यायचे. पाचवं शील, दारू-नशा न करण्याचं, आलं की त्यांचा आवाज चढायचा आणि मागच्या रांगेतले दोघं-चौघं जमिनीकडे बघायला लागायचे. त्या एका शिलासाठी तीस वर्षांत त्यांनी किती घरांत जाऊन भांडणं केली होती, किती जणांच्या शिव्या खाल्ल्या होत्या. अशा माणसाला त्याच्याच दारात कुणीतरी सांगतो की तुझा मुलगा पिऊन मेला. दुसरा कुणी असता तर त्यानं रामदासची गचांडी धरली असती. आप्पांनी मान खाली घातली.

रतनला सगळ्यात संताप आला तो या मान खाली घालण्याचा. आणि संध्याकाळी आप्पांनी त्यावर कडी केली.

"पुण्यानुमोदनाला दुसरा बौद्धाचार्य बोलवा," ते म्हणाले. "माझ्या घरात पाचवं शील राहिलं नाही. लोकांना मी काय देऊ? यापुढे विहारात मी खाली बसणार, सगळ्यांबरोबर."

"तुम्हाला कधी त्याच्या तोंडाला वास आला होता?"

"नाही."

"मग?"

"पोलीसही तेच म्हणत होते."

"पोलिसांना कुणी सांगितलं? रामदासनं! तो म्हणाला आणि तुम्ही मान डोलावलीत. स्वतःच्या मुलावर एवढाही विश्वास नाही तुमचा?"

"डॉक्टरांचा रिपोर्ट येईल."

"सहा महिने लागतात म्हणे त्याला. सहा महिने माझ्या भावाला दारुडा म्हणून घ्यायचं का?"

"सरळ रस्ता होता, रतन," आप्पा हळू आवाजात म्हणाले. "उजाडलं होतं. शुद्धीतल्या माणसाला एवढा मोठा ट्रक दिसत नाही?"

तिनं हातातलं पातेलं मोरीत आपटलं. त्या दोन-तीन दिवसांत तिला सगळ्यांचाच राग आला. 'वेळ आली होती' म्हणणाऱ्या मावशीचा, भेटायला येऊन क्रिकेटचा स्कोअर विचारणाऱ्या पाहुण्यांचा, ट्रक रस्त्यात उभा करून चहाला गेलेल्या त्या कोण ट्रकवाल्याचा. आणि बुद्धभूषणचाही. एवढा थोराड गडी, एकदा, एकदाच कुणाला तरी 'जमणार नाही' म्हणाला असता तर काय आभाळ कोसळलं असतं!

सोमवारी पोलीस चौकीतून त्याची बॅग मिळाली. आत रिकामा डबा, कंगवा, टॉवेल आणि ट्रिपशीटचं पॅड. रतनला ही ट्रिपशीट माहीत होती, कारण पॅडची छपाई तिच्याच दुकानात व्हायची. प्रत्येक फेरीला एक कागद. वर छापील नंबर, मग तारीख, वेळ, कुठून कुठे, प्रवाशाचं नाव, सही, आणि शेवटी 'शेरा' म्हणून एक रकाना. खाली कार्बन. वरची प्रत ड्रायव्हर पुढच्या ड्युटीला येताना शेठच्या ऑफिसात देणार, खालची पॅडमध्ये राहणार.

ती पॅड उलटं चाळत गेली, आणि मग पुन्हा सुलटं. सोमवारी संध्याकाळी पाच दहाला पहिली फेरी. मग रात्री साडेअकरा. मग सव्वातीन. मंगळवारी सकाळी सहा. मंगळवारी नऊ वीस. पुन्हा मंगळवारी संध्याकाळी पाच वाजून पाच मिनिटं, पावणेदहा, दीड, आणि बुधवारी सकाळी पाच वीसला शेवटची सही. पन्नास मिनिटांनी तो गेला. रात्रीची एक ड्युटी संपली की ड्रायव्हरला सुट्टी मिळते, सकाळची फेरी दुसरा ओढतो. हा दोघांचं ओढत होता.

आणि मंगळवारी नऊ वीसच्या कागदावर, पूर्वा नावाच्या मुलीनं सही केली होती तिथं, शेऱ्याच्या रकान्यात कार्बनच्या निळ्या अक्षरात लिहिलेलं होतं : 'ड्रायव्हर पेंगतोय. प्लीज लक्ष द्या.' याची वरची प्रत फाडलेली होती. म्हणजे मंगळवारी संध्याकाळी पाचला तो कागद रामदासच्या ऑफिसात पोचला होता, आणि पाच वाजून पाच मिनिटांनी त्याच ऑफिसनं त्याच ड्रायव्हरला पुन्हा गाडीवर बसवलं होतं.

आप्पांना हाक मारायला रतननं तोंड उघडलं, आणि तेवढ्यात पुढचा कागद तिच्या हाताखाली आला. नंबर चार हजार चारशे शहात्तर. मंगळवार, अकरा चाळीस ते तीन वीस. बिबवेवाडी ते लोणी काळभोर आणि परत. प्रवाशाचं नाव : ताईसाहेब. खाली तिची स्वतःची सही.

लोणीला एका डीटीपीवाल्याचं दुकान बंद होत होतं. त्याचा जुना कॉम्प्युटर, मॉनिटर आणि प्रिंटर तो विकणार होता. रतनला कधीपासून घरी स्वतःचं काम सुरू करायचं होतं. तीन आठवडे ती भावाच्या मागे लागली होती आणि तीन आठवडे तो 'उद्या जाऊ ताई' म्हणत होता. मंगळवारी सकाळी तो दहाला घरी आला, अंघोळ केली, जेवला आणि गादीवर पडणार तोच ती समोर उभी राहिली. आज न्यायचं तर ने, नाहीतर सरळ सांग की तुला बहिणीचं काम करायचं नाही.

"चल," तो म्हणाला आणि चावी घेऊन उठला.

गाडीत बसल्यावर त्यानं सांगितलंही होतं. संभाजी, म्हणजे दुसरा ड्रायव्हर, गावी गेलाय, त्याची ड्युटीही शेठनं माझ्याच गळ्यात घातलीय. तिनं ऐकलं आणि त्यावर काही विचारलं नाही, कारण तिचं डोकं प्रिंटरमध्ये होतं. हडपसरच्या सिग्नलला त्यानं बाटलीतलं पाणी तोंडावर मारलं आणि मोठी जांभई दिली. तेव्हा ती जे बोलली, ते तिनं नंतर कुणालाच सांगितलं नव्हतं. परत येताना त्यानं ट्रिपशीटचं पॅड तिच्या मांडीवर टाकलं. "सही कर ताई. मीटर वाढलाय, शेठ विचारेल कुठं फिरवली गाडी, तर दाखवायला पाहिजे." तिनं सही केली. एक पान मागे उलटलं असतं तर पूर्वाचा शेरा तिला दिसला असता. तिनं उलटलं नाही. त्यानं दोन जिने चढवून तो अवजड मॉनिटर घरात आणला, टेबलावर ठेवला, वर टॉवेल टाकला आणि पाचच्या ड्युटीला गेला.

सोमवारी रतननं आप्पांना हाक मारली नाही. तिनं शहात्तर नंबरचा कागद, वरची आणि खालची अशा दोन्ही प्रती, फाडून आपल्या पर्सच्या आतल्या कप्प्यात ठेवला, आणि मग पॅडही लपवलं. कारण आप्पा टेलिफोन खात्यातले. नंबर लावून ठेवलेल्या कागदांत आयुष्य गेलेलं. पंचाहत्तरनंतर सत्याहत्तर बघितल्यावर पहिला प्रश्न ते तोच विचारणार होते.

ऑर्डर आली ती दुसऱ्या दिवशी. रतन पडद्यासमोर बसली. भावाचा चेहरा तिनं उजळ केला नाही. तो सावळा होता, सावळाच ठेवला. रामदासचा फोटो सांगितला तेवढा मोठा घेतला. हार लावला, आभाळ लावलं, आणि हाराखाली शोकाकुलांची नावं यायची तिथं कर्सर टिकटिकत राहिला. ती त्याच्याकडे बघत बसली, आणि मग तिनं ट्रिपशीटचं पॅड पर्समधून काढून कीबोर्डशेजारी ठेवलं.

तिनं एकेक कागद एकेका ओळीत बसवला. वार, वेळ, कुठून कुठे, कोण प्रवासी. मिसबा, प्रज्ञेश, पूर्वा, कासिम, निकिता. पूर्वाच्या ओळीत तिचा शेरा जसाच्या तसा. नऊ ओळी झाल्या. वाचा म्हणावं लेको, आता शोधा आपापली नावं. चौकात पंधरा फुटांवर लावते, वाचा.

मग तिनं वरपासून वाचून पाहिलं आणि तिचे हात थांबले. पाचव्या ओळीत मंगळवारचे सकाळचे नऊ वीस. सहाव्या ओळीत मंगळवारचे संध्याकाळचे पाच पाच. मधले पावणेआठ तास मोकळे. कुणीही म्हणणार, एवढा वेळ होता की झोपायला! रामदास तर म्हणणारच. दिवसभर मोकळा होता, मग डोळे कशानं मिटले? घेतली असणार. तिच्या नऊ ओळींनी भाऊ सुटत नव्हता, उलट आणखी अडकत होता. तो सुटायला सहावी ओळ लागत होती, आणि ती ओळ तिच्या पर्सच्या आतल्या कप्प्यात होती.

दोन दिवस तिनं ती फाइल उघडली आणि बंद केली. घरी त्या टॉवेलखालच्या मॉनिटरकडे बघून तिला वाटायचं, हा उचलून खिडकीतून टाकावा. स्वतःला थोबाडीत मारून घ्यावी असं वाटायचं, आणि तेवढ्याच जोरात वाटायचं की मी एकटी कशी? शेठला कागद गेला होता, कंपनीतल्या कुणी विचारलं नाही, संभाजी नेमका तेव्हाच गावी गेला. माझेच चार तास का मोजायचे? हा हिशेब ती जेवताना करायची, रिक्षात करायची, आणि दर वेळी तो तिच्याच सहीपाशी येऊन थांबायचा.

गुरुवारी सकाळी दुकानात येऊन तिनं पर्सही उघडली नाही. पाठच होतं सगळं. पाचवी आणि सहावी ओळ दूर सारून मधे तिनं टाइप केलं : 'मंगळवार, स. ११.४० ते दु. ३.२०. बिबवेवाडी ते लोणी काळभोर व परत. प्रवासी : रतन, बहीण.'

दीनानाथकाका प्रूफ भिंग लावून वाचायचे, मग ते लग्नाचं असो की मरणाचं. कागदाच्या छोट्या प्रुफावर खालच्या ओळी खसखशीएवढ्या आल्या होत्या. काकांनी दहाही ओळी वाचल्या. भिंग खाली ठेवलं.

"सहावी ओळ राहू द्यायची?"

"राहू द्या."

"बरं," काका म्हणाले, आणि त्यांनी काट मारली नाही.

रामदास अकराला आला. प्रूफ हातात धरून त्यानं आधी स्वतःचा फोटो बघितला, मग 'युवा नेते', मग परत फोटो. "ब्येस. मला जरा उजळ करता येतंय का?"

"करते."

"ही खाली बारीक काय हाय?"

"नावं. तो ज्यांना नेत होता ती कंपनीतली मुलंमुली. मिसबा, प्रज्ञेश, कासिम."

"वा! कंपनीची पोरं पण आली का? झकास."

"वाचून सही करा," दीनानाथकाका म्हणाले. "सही झाली की आमच्याकडे काना-मात्रासुद्धा हलत नाही. बाहेर पाटीवर लिहिलेलं आहे, तीही कुणी वाचत नाही."

"वाचलं, वाचलं," म्हणत रामदासनं सही ठोकली.

रविवारी सकाळी दहाला विहारासमोर माणसं जमली. पांढरे कपडे घातलेल्या बायका, लांबून आलेले पाहुणे, बुद्धभूषणबरोबरचे ड्रायव्हर. फ्लेक्स चौकात लागलेला होता. रतन विहाराच्या पायरीवर उभी राहून बघत होती. आणि झालं ते तिला ठाऊक होतं तसंच झालं. माणसं एकेक करून फ्लेक्सच्या खालच्या बाजूला गेली, आपलं नाव शोधायला. नाव सापडेना. म्हणून त्यांनी पुन्हा वरून वाचायला सुरुवात केली. कुणीतरी मोठ्यानं वाचायला लागलं, "सोमवार, सायंकाळी पाच दहा..." आणि चौकातला सगळा घोळका त्याच्याभोवती सरकला.

आप्पा गर्दीतून पुढं आले. चष्मा नाकावर ठेवून, बोट हवेत धरून ओळ ओळ खाली उतरत गेले. मग बोटांच्या पेरांवर त्यांनी मोजलं.

"सदतीस तास," ते म्हणाले.

तेवढ्यात रामदासची गाडी आली. तो उतरला, हात जोडले, आणि कुणी हात जोडेना तेव्हा त्यानं फ्लेक्सकडे मान वर केली. वाचता वाचता त्याचं तोंड लाल झालं. "कुणी केलं हे? उतरवा आधी! मी हे लिहायला सांगितलंच नव्हतं!"

दीनानाथकाका नारायण पेठेतून रिक्षा करून आले होते, आयुष्यात पहिल्यांदा या वस्तीत. काखेतल्या फाइलमधून त्यांनी प्रूफ काढलं. "सही आपलीच आहे. तक्रार सहीच्या आधी."

ड्रायव्हरांपैकी एक जण हसला. रामदासनं गर्रकन वळून पाहिलं, मग फ्लेक्सकडे, आणि त्याला ती ओळ सापडली. "आन् ही? ही सहावी ओळ वाचा की! झोपायच्या वक्ताला हिनं त्याला लोणीला पळवला. बहीण! मग मारला कुणी त्याला, मी का हिनं?"

सगळे रतनकडे बघायला लागले. ती पायरीवरून खाली उतरली.

"ओरडून वाचा, शेठ. मागच्यांना ऐकू गेलं नाही," ती म्हणाली. "ती ओळ मीच लिहिलीय. माझी एक होती, ती मी भर चौकात लावली. तुमच्या नऊ आहेत, त्या वाचा आता. पाचवीतला शेरा वाचा. मंगळवारी पाचला तो कागद तुमच्या ऑफिसात आला होता."

"ऑफिसात रोज दोनशे कागद येतात! मी काय वाचत बसू?"

तो बोलून गेला. त्याचे ड्रायव्हर त्याच्याकडे बघत होते. दोघं-तिघं काही न बोलता त्याच्या गाडीच्या पुढ्यातून बाजूला झाले, त्याला जायला वाट करून देत. तो गेला. मागं त्याचा उजळ केलेला फोटो हात जोडून उभा होता.

आप्पा मात्र अजून फ्लेक्सपाशीच होते.

"हा लोणीचा कागद कुठं होता?" त्यांनी विचारलं.

"माझ्या पर्समध्ये."

"कधीपासून?"

"सोमवारपासून."

"सहा दिवस," आप्पा म्हणाले. "सहा दिवस मी माझ्या मुलाला दारुडा समजत होतो, आणि तुला माहीत होतं."

"हो, होतं. पण तुम्ही तर त्याला शुक्रवारीच दारुडा समजलात, आप्पा. मला तेव्हा काहीच माहीत नव्हतं. तरी मी नाही समजले."

कुणी कुणाला जवळ घेतलं नाही. मग आप्पा वळले, विहारात गेले, दुसऱ्या बौद्धाचार्यांच्या कानाशी काहीतरी बोलले, आणि बुद्धभूषणच्या फोटोशेजारी आपल्या नेहमीच्या जागी जाऊन बसले. लोक उठून उभे राहिले. आप्पांनी त्रिशरण दिलं, पंचशील दिलं. पाचवं शील त्यांनी नेहमीसारखं चढ्या आवाजात म्हटलं, आणि अर्ध्यावर त्यांना थांबावं लागलं. लोक थांबले. त्यांनी ते पुन्हा पहिल्यापासून म्हटलं.

मग आदरांजलीची भाषणं सुरू व्हायची वेळ झाली. मोठी माणसं आधी बोलतात अशी पद्धत. दोघं-तिघं सदरा नीट करत पुढं सरकलेही.

"आधी बहीण बोलेल," आप्पा म्हणाले. त्यांचा स्वर मायेचा नव्हता. तो हुकूम होता.

रतन माइकसमोर उभी राहिली. समोर सगळी वस्ती होती, मागच्या रांगेत दीनानाथकाका मांडीवर फाइल घेऊन बसले होते. तिच्या डोळ्यांत पाणी नव्हतं. इतके दिवस ती ज्याच्या-त्याच्यावर चिडत होती, आणि आता चिडायला समोर कुणी उरलं नव्हतं.

"माझा भाऊ दारू पीत नव्हता," ती म्हणाली. "त्याला झोप आली होती. हडपसरच्या सिग्नलला त्यानं जांभई दिली, तेव्हा मी त्याला म्हणाले, जांभया काय देतोस, गाडी चालव."

तिनं माइक जवळ ओढला.

"तो म्हणाला, बरं ताई, नाही देत. आणि खरंच, लोणीपर्यंत त्यानं एकही दिली नाही."